लाल काटा आणि मास्तरांचा हात

बावीस वर्षं आमच्या दुकानात नव्या गिऱ्हाइकाचा पहिला प्रश्न ठरलेला असायचा. "मास्तर कुठे गेलेत?" मी शिलाई मशीनवरून मान वर न करता हनुवटीनं कापायच्या टेबलाकडे दाखवायचे. तिथे गळ्यात टेप, बोटांत खडू आणि नाकाच्या शेंड्यावर चष्मा अशी एक ठेंगणी बाई उभी असायची. गिऱ्हाईक तिच्या पलीकडे बघायचं, पडद्यामागे डोकवायचं आणि परत विचारायचं, "नाही, ते कापणारे मास्तर?" "मीच ती," एवढं बोलून ती माप घ्यायला लागायची. तोवर त्याचा डावा खांदा उतरता आहे हे तिनं हेरलेलं असायचं.

तर आमचा मास्तर ही बाई आहे. नवरा गेला तेव्हा त्याची कात्री तिनं उचलली आणि त्याच्याबरोबर 'मास्तर' हे नावही आपोआप तिच्याकडे आलं. ती कापायची, मी शिवायचे. तिचं कौतुक करायला मी हे लिहीत नाहीये, कारण कौतुक तिला झेपत नाही आणि मला जमत नाही. पण कापणं बघावं तर तिचंच. कापड पसरायचं, तळहातानं एकदा सपाट करायचं, खडूची रेघ मारायची आणि कात्रीचं तोंड कापडाच्या काठाबाहेर टेकवून मग आत शिरायचं. कात्रीचं खालचं पातं टेबलावरून उचलायचं नाही. श्वास सोडल्यासारखी कात्री इकडून तिकडे निघून जायची आणि मागे एक कुसळही राहायचं नाही.

"काठापासून," हे तिनं मला किती वेळा ऐकवलं असेल त्याला गणती नाही. "काठाबाहेरून सुरुवात कर. मधेच कात्री खुपसतो तो शिंपी नव्हे, उंदीर." मी काही कापणारी नाही, पण दोऱ्याचं टोक कापतानासुद्धा माझा हात आता काठाबाहेरूनच येतो.

गेल्या वर्षी एका सकाळी एका कोटाची बाही कापताना तिची कात्री मधेच थांबली. कात्री कधी थांबत नसे, म्हणून मी वर बघितलं. मास्तर स्वतःच्या उजव्या हाताकडे बघत होत्या, दुसऱ्या कुणाचा तरी हात टेबलावर राहून गेलाय अशा. मी धावले. मेंदूला रक्त पोहोचत नव्हतं, असं दवाखान्यात सांगितलं. वेळेत आणलं म्हणून वाचल्या, असंही सांगितलं. पाय तीन आठवड्यांत वळणावर आला. जीभ तर एक दिवसही अडखळली नाही. नर्सच्या अ‍ॅप्रनची शिवण उसवली आहे, हे त्यांनी स्ट्रेचरवर पडल्या पडल्याच तिला सांगितलं होतं. राहिला तो उजवा हात.

दुकान मी चालू ठेवलं. चेन बदलून देणं, पॅन्ट आखूड करणं, पडदे दुमडणं, असली सगळी कामं मी घेत होते. कापायचं काम आलं की परत पाठवत होते. मला कापता येत नाही असं नाही, पण कात्री हातात घेतली की मी ती परत खाली ठेवते. शिवलेलं उसवता येतं, कापलेलं काय करणार? आठ फुटी टेबल दुकानाच्या मधोमध नुसतं पडून होतं आणि मी त्याला वळसा घालून घालून कंटाळले होते. पण एकदाही त्यावर सामान ठेवलं नाही. ते मास्तरांचं होतं.

दवाखान्यात हाताचा व्यायाम घेणारी एक मुलगी होती. चांगली होती पोरगी, हसतमुख. तिनं आपल्या टॅबवर मास्तरांना एक खेळ दाखवला. पडद्यावर तुटक तुटक रेषा येते, तिच्यावरून बोट या टोकाकडून त्या टोकाला न्यायचं. एका डावात शंभर रेषा. शेवटी किती सरळ गेल्या त्याचा आकडा येतो. "काकू, घरी रोज खेळा," ती म्हणाली. "कात्री धरायच्या आधी बोटाला वाट सापडू दे." त्या दिवशी तिथे मास्तरांचे पंचेचाळीस आले होते.

घरी खेळायचं तर फोन हवा. मास्तरांचा फोन बटणांचा. मग परगावी नोकरीला असलेल्या त्यांच्या मुलानं आपला जुना फोन पाठवून दिला आणि मास्तरांचं सिमकार्ड त्यात गेलं. फोन दणकट होता. मुलाला लढाईच्या खेळांचं वेड, आणि त्यानं फोन त्याच कामासाठी सजवलेला होता. कुठलाही खेळ उघडला की फोन थरथरायचा, कडांना लाल उजेड यायचा आणि वर दोन तलवारींचं चित्र झळकायचं. त्रेसष्ट वर्षांच्या बाईनं रेषा गिरवायला घेतल्या तरी फोनला वाटायचं, निघाली ही स्वारीवर. हे सगळं मला नंतर कळलं. कारण मास्तर खेळायच्या त्या पडद्यामागच्या छोट्या खोलीत, सकाळी नऊ वाजता, एकट्या. आपला हात कुणी बघू नये असं त्यांना वाटायचं. मीही कधी डोकावले नाही. आता स्वतःचाच राग येतो, पण तेव्हा ते शहाणपण वाटलं होतं.

त्यांनी स्वतःसाठी नियम केला होता आणि तो मला ऐकवलाही होता. "सहा महिने. सहा महिन्यांत शंभरात ऐंशी सरळ आल्या तर कात्री हातात घेईन. नाही आल्या तर टेबल समोरच्या सुताराला देऊन टाकायचं. त्याला कधीपासून हवंय. अडगळ सांभाळत बसणार नाही मी."

"ऐंशीच का?" मी विचारलं.

"शंभरातल्या वीस चुका कापडात लपवता येतात. त्याहून जास्त नाही."

यावर वाद घालायची सोय नव्हती. पण महिने सरत गेले आणि पडद्यामागून बाहेर येणारा चेहरा उतरत चालला. किती आले असं विचारलं तर "पस्तीस." पुढच्या महिन्यात "तेहतीस." दवाखान्यात गेल्या की तिथे मात्र साठ, पासष्ट. मी म्हटलं, बघा, चढताय की तुम्ही! तर म्हणाल्या, "ती मुलगी माझं कोपर धरते. आणि धीर द्यायला आकडा वाढवून सांगत असेल. घरी कुणी धरायला नाही, म्हणून घरचा आकडा खरा." अशी बाई. स्वतःच्या बाजूनं एक इंचही माप सैल धरायची नाही. पुढे तर त्यांनी दवाखान्यात जाणंही बंद केलं.

त्यात मुलाचंही काहीतरी बिनसलं होतं. आधी रोज फोन करणारा मुलगा फक्त रविवारी, दुकान बंद असायचं तेव्हा, करायला लागला, तोही तुटक. मास्तर म्हणायच्या, "त्याला कामं असतात. आजारी आईशी रोज काय बोलणार?" तोंडानं असं म्हणायच्या आणि हातरुमालाची घडी मोडून पुन्हा घालायच्या, डाव्या हातानं.

सहावा महिना संपत आला. शुक्रवारी दुपारी मी एका पॅन्टची चेन उसवत होते. मास्तर पडद्यामागून आल्या, दुकानाच्या दारात उभ्या राहिल्या आणि समोरच्या सुताराला हाक मारली. "उद्या सकाळी माणूस घेऊन या. टेबल घेऊन जा."

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. मी चेन टाकून उठले. "कुणाला विचारून?"

"टेबल माझं आहे."

"आणि दुकान? आणि मी? मी काय पडदे दुमडत म्हातारी होऊ?" मी काय काय बोलले ते सगळं इथे लिहिण्यासारखं नाही. आठ महिने गिळून ठेवलेलं सगळं बाहेर पडलं. शेवटी म्हणाले, "दाखवा मला. कसे पस्तीस येतात ते माझ्या डोळ्यांसमोर दाखवा. नाहीतर ते टेबल मी दारातून हलू देणार नाही. आडवी पडेन."

माझं आडवं पडणं म्हणजे थोडीथोडकी गोष्ट नाही, हे त्यांना माहीत आहे. त्या गुपचूप आत गेल्या आणि मी मागोमाग.

फोन त्यांनी आतल्या छोट्या टेबलावर आडवा ठेवला, रेषा आपल्याकडून पलीकडे जाईल असा. डावा तळहात त्याच्यावरून एकदा फिरवला. मग उजव्या हाताचं बोट टेकवलं आणि ओढलं. बोट थरथरत होतं, नाही असं नाही. पण रेषेवर होतं. मी डोळ्यांनी बघितलं, रेषेवर होतं! तेवढ्यात काठातून एक काळी पट्टी सर्रकन बाहेर आली आणि अर्धा पडदा झाकून बसली. तिच्यावर तलवारी, एक पंखा, चार-पाच चौकोन आणि मधोमध घड्याळासारखी गोल तबकडी. तबकडीतला काटा थेट लालमध्ये. पट्टीखालची रेषा तुटली, चूक मोजली गेली.

"बघितलंस?" मास्तर म्हणाल्या. त्यांचा आवाज अगदी बसला होता. "हात थरथरला की ते येतं. काटा बघ, किती थरथरला ते दाखवतो. हल्ली तर कायम लालच असतो."

मला इंग्रजी वाचता येत नाही आणि त्यांनाही. तबकडी खरंच हाताचा कंप मोजत असेल, असं क्षणभर मलाही वाटलं. सहा महिने ही बाई रोज सकाळी त्या काट्यासमोर एकटी बसत होती.

"सरका," मी म्हणाले. का म्हणाले कोण जाणे. "मी करते एक."

मी बसले आणि रेषेवर बोट ओढलं. पट्टी बाहेर आली. काटा लाल.

दुसरी रेषा. पट्टी. काटा लाल.

"माझ्या हाताला काय धाड भरलीय?" मी ओरडलेच. रोज या हातानं सुईत दोरा ओवते मी, तोही पहिल्या फटक्यात. मास्तर माझ्या बोटाकडे बघत होत्या. मी तिसऱ्या रेषेसाठी बोट नेलं आणि त्यांनी माझं मनगट धरलं. उजव्या हातानं धरलं, हे तेव्हा आमच्या दोघींच्याही लक्षात आलं नाही.

"थांब. तू कुठून सुरुवात करतेस?"

माझं बोट फोनच्या काठाबाहेर, टेबलावर होतं. रेषा तिथून चांगली बोटभर आत सुरू होत होती. पण माझं बोट काठाबाहेरूनच निघालं होतं, बावीस वर्षांच्या शिकवणीप्रमाणे. मी मुद्दाम बोट आत, रेषेच्या तोंडावर ठेवलं आणि ओढलं. पट्टी आली नाही.

जगातली सगळी माणसं फोनच्या मधोमध बोट ठेवतात. काठापासून सुरुवात करायची खोड फक्त आमच्या दुकानात.

"मग तुम्हीही आतूनच सुरू करा की," मी म्हणाले.

मास्तरांनी मान उडवली. "कात्री मधेच खुपसू? या हाताला मी कापायला शिकवतेय की उंदीर व्हायला?"

झालं. बाई पूर्ववत झाली होती. म्हणजे आता ती पट्टीच हाकलायला हवी होती. मी माझ्या फोनवरून त्यांच्या मुलाला फोन लावला. तो ऑफिसात होता, पण उचलला आणि पहिलं वाक्य हे, "मावशी, सगळं ठीक आहे ना? रविवार सोडून आई माझे फोन का तोडते? मी रोज सकाळी नऊला करतोय, सहा महिने झाले!"

आवाज मोठा ठेवला होता, मास्तरांनी ऐकलं. "मी तोडते? अरे, तुझा फोन वाजतच नाही!"

पलीकडून हळूच, "आई, तू नऊला काय करतेस?"

"खेळते."

"अरे देवा," तो म्हणाला.

मग त्यानं सांगितलं. त्या फोनमध्ये खेळाडूंसाठी वेगळी सोय आहे. कुठलाही खेळ उघडला की ती आपोआप जागी होते, येणारे फोन परस्पर तोडते, कारण लढाईच्या मधे फोन आला तर खेळाडू मरतो. काठावरून बोट आत आलं की बहुतेक वेळा पट्टी उघडते. आणि काटा? "तो फोन किती तापलाय ते दाखवतो, आई. जुना फोन आहे, कायम तापलेलाच असतो."

"माझा हात नाही?" मास्तरांनी विचारलं. एवढ्या लहान आवाजात मी त्यांना कधी बोलताना ऐकलं नव्हतं.

"तुझ्या हाताशी काहीच संबंध नाही. पण तू काठावरून कशाला ओढतेस? कुणीच तसं करत नाही."

"तुझी शाळेची चड्डी पण काठावरूनच कापली होती मी. कधी तिरकी गेली?" हे म्हणताना त्यांनी डोळे पुसले. मी दुसरीकडे बघितलं, कारण माझेही पुसायचे होते.

मग सुरू झाली ती पट्टी हाकलायची मोहीम. तो सांगायचा, मी दाबायचे. दातेरी चाकाचं चित्र उघड, म्हणजे सेटिंग. सगळ्यात आधी खाली जाऊन भाषा बदल. एकदा मराठी अक्षरं आली आणि आमच्या जिवात जीव आला. मग 'गेम' लिहिलेलं शोध. तिथे 'काठावरून पट्टी उघडा' असं होतं, ते बंद केलं. पुन्हा खेळ उघडला, पट्टी आली नाही. मी टाळी वाजवणार तोच कडांना लाल उजेड आला आणि तलवारी झळकल्या. फोन अजूनही लढाईवरच होता.

"यादी बघ, मावशी. खेळांची यादी असेल. त्यात आईचा खेळ असेल."

होता. सहा युद्धांच्या रांगेत आमचा बिचारा रेषांचा खेळ, शेवटचा. त्याच्यापुढचं बटण सरकवलं आणि तो यादीतून निघाला. 'खेळताना फोन नाकारा' हेही बंद केलं. मग मुलगा म्हणाला, आता फोन एकदा बंद करून सुरू करा. केला. खेळ उघडला. उजेड नाही, तलवारी नाही, थरथर नाही. साध्या पांढऱ्या पडद्यावर एक तुटक रेषा, धुतलेल्या कापडावर खडूनं मारल्यासारखी.

मास्तरांनी पदर सावरावा तशी गळ्यातली टेप सावरली. बोट काठाबाहेर टेकवलं, आत नेलं, पलीकडच्या काठाबाहेर काढलं. रेषा हिरवी झाली. दुसरी. तिसरीला बोट घसरलं. चौथी हिरवी. मी मोजायचं सोडून दिलं. मधेच फोन खणखणला. मुलगा होता, खात्री करत होता. "चाळिसावी रेषा बिघडवलीस!" म्हणून मास्तरांनी त्याला झापलं आणि तो हसत सुटला. किती दिवसांनी त्याचं हसणं त्या खोलीत आलं.

डाव संपला. बहात्तर.

मी नाचायचीच बाकी होते. "बहात्तर! मास्तर, बहात्तर!"

"ऐंशी म्हटलं होतं," त्या म्हणाल्या आणि परत बसल्या. सदुसष्ट. पुन्हा. शहात्तर. मग बोटं दमली. मी म्हटलं, पुरे आता, ते टेबल ठेवा. त्या फोन पालथा घालून घरी गेल्या. त्यांचा नियम मला ठाऊक होता. इंचाची सूट नाही. शनिवारी सकाळी मी दुकान उघडायला गेले ते आडवी पडायच्या तयारीनंच.

सुतार आला. बरोबर एक उचलायला माणूस. मास्तर आधीच टेबलाशी उभ्या होत्या.

"न्यायचं ना?" सुतारानं विचारलं.

"नाही."

मी त्यांच्याकडे बघितलं. "शहात्तरच आले होते," त्या मला म्हणाल्या, सुताराला नव्हे. "ऐंशी नाही आले. म्हणून कात्रीला आज हात लावणार नाही. पण सहा महिने मी ताणलेल्या टेपनं माप घेत होते. टेप खोटी निघाली तर माप टाकून द्यायचं आणि नव्यानं घ्यायचं. गिऱ्हाइकाला कापून काढत नाहीत." मग सुताराकडे वळल्या. "मला यापुढे बसून कापावं लागेल. तासन्‌तास उभं राहणं आता जमायचं नाही. टेबलाचे पाय कमी करून द्या."

"किती?"

त्यांनी खुर्ची ओढली, बसल्या, कोपर टेबलावर टेकवून उंची बघितली. मग वाकल्या आणि डाव्या हातानं पुढचा पाय धरला. उजवा हात खडूच्या डबीकडे गेला. खडू बोटांत धरताना दोनदा निसटला. मी पुढे झाले तर त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की मी मुकाट मागे सरले. तिसऱ्यांदा धरला. लाकडाच्या कडेबाहेर टेकवला आणि ओढला, या काठापासून त्या काठापर्यंत. मधे एके ठिकाणी रेघ जराशी हलली आणि पुन्हा वाटेवर आली.

सुतारानं डोळा लावून बघितलं. "थोडी हललीय, मास्तर. काटकोनी गुण्या लावून सरळ करून घेऊ?"

"नको," मास्तर म्हणाल्या. "आहे त्या रेघेवरून कापा. आणि काठापासून."